नणंदेची यादी, सासूबाईंची आखातीज आणि तुमची काळी माती

प्रश्न: नमस्कार ताई, माझं माहेर सांगलीचं, लग्नानंतर इंदूरला आले आणि आता बायपासकडे आमचं स्वतःचं रो हाऊस झालंय. पुढे साधारण 10 बाय 18 फुटांची मातीची पट्टी आहे, तोंड पश्चिमेला. माझी नणंद इंग्लंडला असते. ती म्हणते अर्ली समर म्हणजे परेनियल लावायचा बेस्ट टाइम, एकदा लाव आणि वर्षानुवर्षं फुलं बघ. तिनं यादीपण पाठवलीय: लॅव्हेंडर, पिओनी, होस्टा, डेलिली, साल्विया. सासूबाई म्हणतात अक्षय्य तृतीयेला लावलेलं झाड मरत नाही, तेव्हाच लावू. नवरा म्हणतो पाऊस पडेपर्यंत हात लावू नका, उगाच पाणी वाया. मी मधल्या मधे मोगऱ्याची चार आणि कर्दळीची तीन रोपं आणून ठेवलीत, ती पोर्चमध्ये दुपारी मान टाकतात. नळाला नर्मदेचं पाणी एक दिवसाआड येतं, बाकी बोरिंग. आता मी नक्की काय करू?
— तीन सल्ल्यांत अडकलेली, इंदूर

उत्तर:

ताई, आधी त्या पोर्चमधल्या सात रोपांचं बघू, कारण बाकी सगळं महिनाभर थांबू शकतं, ती थांबणार नाहीत.

पश्चिमेकडचा पोर्च, खाली टाइल्स, आणि रोपं काळ्या प्लास्टिकच्या पिशवीत, म्हणजे दुपारी तीन वाजता आत मुळं अक्षरशः उकडतात. आजच्या आज ती उचलून घराच्या मागे किंवा पूर्वेच्या बाजूला न्या, जिथे सकाळी दोन-तीन तास ऊन येतं आणि मग सावली. आणि एक पिशवी जरा हातात घेऊन नीट बघा. वरती इंचभर शेणखत किंवा कोको पीट दिसेल, मस्त ओलं, आणि बोट आत घातलं की खाली लालसर चिकण मातीचा गोळा, दगडासारखा. आपल्याकडच्या नर्सऱ्यांमध्ये बराच माल ट्रकनं बाहेरून येतो, आंध्रातल्या कडियमहून, पुण्याकडून, आणि लांबच्या प्रवासात पिशवी फुटली तरी मुळं उघडी पडू नयेत म्हणून अशा चिकट मातीत बांधलेला असतो. हा गोळा एकदा पूर्ण वाळला की वरून पाणी घेतच नाही. तुम्ही मग भरून पाणी घालता, ते गोळा आणि पिशवी यांच्यातल्या फटीतून सरळ खाली जाऊन भोकातून बाहेर, तुम्हाला वाटतं व्वा पाणी खालपर्यंत पोचलं, आणि मोगरा मात्र तहानलेलाच.

त्यावर उपाय म्हणजे बादलीत पाणी घ्या आणि पिशवी अख्खी त्यात बुडवून ठेवा. बुडबुडे येत राहतील. ते पूर्ण थांबले की काढून निथळवा. असं दर तीन-चार दिवसांनी करा, रोज वरून शिंपडायची गरज नाही. कर्दळ तर संध्याकाळपर्यंत उठून उभी राहील, तिचा जीव चिवट आहे. मोगऱ्याच्या कळ्या गळल्या तर गळू द्या, नवीन फूट येतेय ना एवढंच बघा.

आता नणंदबाईंचं. त्या चुकीचं सांगत नाहीयेत हो, फक्त त्या त्यांच्या अंगणातून सांगतायत. तिकडे मे सरत आला की पाला-पाणी गोठवणाऱ्या थंडीची भीती जाते, माती हिवाळ्याच्या ओलीनं अजून दमट असते, दुपारचं ऊन म्हणजे आपलं डिसेंबरचं ऊन, आणि दिवस एवढा मोठा की रात्री नऊला पण उजेड. अशा हवेत नवीन रोपाला मुळं सोडायला दोन-तीन महिने आरामात मिळतात म्हणून तिथले लोक मे-जूनमध्ये बागेत लोळण घेतात. आपल्याकडे मे-जून म्हणजे काय ते तुम्ही दुपारी स्कूटीचं सीट हात लावून बघितलंच असेल. पारा चाळिशीच्या वर, कोरडी लू, आणि 25 मेपासून तो नवतपा, सूर्य रोहिणीत गेल्यावरचे नऊ दिवस, त्या दिवसांत तर जुनी मुरलेली झाडंसुद्धा नुसती टिकून राहायचं काम करतात. पान जेवढं पाणी हवेत सोडतं तेवढं नवीन तुटकी मुळं खालून खेचू शकत नाहीत, सगळा हिशेब तिथे बिघडतो. माळव्याच्या रात्री गार असतात, त्यामुळे झाड पहाटे ताजंतवानं दिसतं आणि आपण फसतो, वाटतं की लागलं. दुपारी दोनला बघा मग कळतं.

आणि सांगलीचा हिशेब पण इथे लावू नका बरं का. तिकडे मे मध्ये वळीव एक-दोनदा येऊन झोडपून जातो, माती जरा नरम होते. इथे त्याचा भरवसा नाही, आला तर धूळ उडवून चार थेंब टाकून जातो, खरा पाऊस जूनच्या मध्यानंतरच. ती ‘पग पग रोटी, डग डग नीर’वाली माळव्याची म्हण आहे ना, ती उन्हाळ्यात म्हणायची नाही, लोक टँकरच्या रांगेत उभे असतात.

मग नवऱ्याचं बरोबर? अर्धं. रोपं लावायला थांबा हे बरोबर, पण हात लावू नका हे साफ चूक. कारण मला विचाराल तर आपल्याकडे बागेतली झाडं खरी मरतात ती ऑगस्टमध्ये. मे मध्ये मरणारं झाड निदान मान टाकून सांगतं तरी, तुम्ही पाणी घालता, वाचतं. ऑगस्टमध्ये काळ्या मातीत पाणी साचतं, ती फुगून चिखलाचा लगदा होते, आत हवा शिरत नाही, मुळं काळी पडून कुजतात, आणि वरून झाड पिवळं पडलं म्हणून आपण समजतो खत कमी पडलं, अजून खत घालतो, की संपलं. आणि ऑगस्टमध्ये काही करता येत नाही, चिखलात पाय पण घालता येत नाही. जे करायचं ते आत्ता, माती कोरडी असताना. म्हणजे यंदाच्या उन्हाळ्यात तुम्ही दोन-चार अपवाद सोडले तर झाडं नका लावू, आधी जागा तयार करा, आणि तीच खरी मेहनत आहे.

पहिलं काम, घरात पहार असेल तर घ्या नाहीतर कुणाकडून तरी आणा, आणि पट्टीत चार-पाच ठिकाणी ठोकून बघा. नवीन रो हाऊस म्हणालात म्हणून सांगतेय. बिल्डर लोक जाताना सगळा मलबा, विटांचे तुकडे, सिमेंटचे गठ्ठे, टाइल्सची खापरं, सगळं पुढच्या बागेत पसरून वरती सहा इंच माती टाकून हिरवळ अंथरून देतात, फोटोत छान दिसतं. पहार सहा इंचांवर खण्णकन वाजली तर समजायचं. तो मलबा निदान दीड फुटापर्यंत काढावाच लागेल, दोन मजूर एक दिवस लावा, पण त्या पैशात कंजूषी करू नका, नर्सरीत करा हवी तर. सिमेंटचा चुरा मातीत राहिला तर चुना वाढतो, आणि आपल्या काळ्या मातीत तो आधीच गरजेपेक्षा जास्त असतो, त्याचं पुढे सांगते.

दुसरं, एक दीड फूट खोल खड्डा करा आणि संध्याकाळी त्यात पाणी भरा, अगदी काठापर्यंत. पहिलं पाणी कोरडी माती आणि भेगा पिऊन टाकतील, त्यावर जाऊ नका. ते जिरलं की परत भरा आणि दुसरं पाणी किती वेळ राहतं ते बघा. दोन-चार तासांत गेलं तर उत्तम. सकाळी उठून बघितलं आणि पाणी अजून खड्ड्यातच असेल तर जमिनीत सरळ झाडं लावायची नाहीत, उंच वाफे करायचे, नऊ इंच ते एक फूट, बाजूला विटांची एक रांग उभी लावली की झालं. काळ्या मातीत माझं मत विचाराल तर खड्डा काहीही सांगो, वाफा उंचच करा. आणि पावसाचं पाणी पट्टीच्या एका कोपऱ्याकडे उताराने जाईल अशी नाली ठेवा. गच्चीचा पाइप बागेत सोडलाय का तेही बघून घ्या, बऱ्याच घरांत सोडलेला असतो आणि मग त्या पाइपाखालची झाडं दरवर्षी का मरतात याचा शोध लागत नाही.

तिसरं, खणून झाल्यावर ढेकळं फोडायची नाहीत. तशीच उलटी-पालटी पडू द्या उन्हात, महिनाभर. आजूबाजूच्या गावांत गहू काढल्यावर शेतकरी उन्हाळी नांगरट करून शेत तापवत ठेवतात तेच हे. त्या उन्हानं हुमणीच्या अळ्या मरतात किंवा साळुंक्या-बगळे वेचून खातात, बुरशी कमी होते, आणि लव्हाळ्याच्या त्या काळ्या गाठी वर येऊन वाळतात. लव्हाळा दिसला तर गाठीसकट वेचून टाका, आत्ता बादलीभर निघेल, जुलैमध्ये सगळी बाग त्याचीच होते. पहिल्या पावसानं ढेकळं आपोआप फुटतात, काळी माती स्वतःच स्वतःला नांगरते, कोरडी झाली की आकसून भेगाळते आणि ओली झाली की फुगते, म्हणून तर तिला जोर आहे.

मे संपत आला की त्यात खत मिसळा. दोन घमेली माती, एक घमेलं कुजलेलं शेणखत किंवा कंपोस्ट, आणि अर्धं घमेलं जाडा मुरूम. बारीक रेती थोडीशी टाकायचा मोह टाळा, चिकण मातीत थोडी बारीक रेती मिसळली की विटेसारखं घट्ट होतं. निंबोळी पेंड पण मूठ-मूठ टाका, कोरड्या दिवसांत वाळवी फार असते.

कंपोस्टवरून एक गंमत सांगते, इंदूरमध्ये राहून ही माहिती नसेल तर नवल वाटतं मला. जगभर बागवाले ज्याला इंदोर प्रोसेस म्हणून ओळखतात ती कंपोस्टची पद्धत आपल्या इथली, कृषी महाविद्यालयाच्या आवारात तयार झालेली. 1924 मध्ये तिथे इन्स्टिट्यूट ऑफ प्लांट इंडस्ट्री सुरू झाली, होळकर दरबारनं जमीन दिली, अल्बर्ट हॉवर्ड नावाचे साहेब प्रमुख आणि त्यांच्याबरोबर काम करणारे आपले यशवंत वाड, आणि त्यांनी शेतातला काडीकचरा, शेण, गुराखालची मूत्राने भिजलेली माती आणि राख असे थर लावून, मधे मधे उलटून, तीन महिन्यांत खत करायची रीत बसवली. तुमच्या नणंदबाईंच्या गावातल्या बागेत जे कंपोस्टचं डबडं असेल ना, त्याच्या मुळाशी पण बऱ्यापैकी इंदूर आहे, सांगा त्यांना. तर तुम्ही कचरा गाडीत ओला कचरा टाकता तो निम्मा तरी घरी ठेवा. आत्ता कडुनिंबाचा, पिंपळाचा पाला गळून गल्लीत ढीग पडलेत, लोक पोती भरून गाडीत देतात, ती पोती तुम्ही मागून घ्या. एक थर पाला, एक थर ओला कचरा, वर पातळ शेणकाला आणि थोडी माती, परत तेच. ओल मूठ दाबून बघायची, हात ओला व्हावा पण पाणी टपकू नये. तीनदा उलटा, आत्ता सुरू केलं तर जुलै-ऑगस्टला वापरता येईल. यंदाच्या वाफ्यांना मात्र विकत घ्यावं लागेल, आणि विकतचं शेणखत घेताना वास घ्या, शेणाचा वास येत असेल तर ते कुजलेलं नाही, मुळं जाळेल.

आता सासूबाईंकडे येऊ, त्यांना नाराज करायचं काही कारण नाही. त्यांचा मुहूर्त सांभाळता येतो, फक्त त्या दिवशी काय लावायचं ते आपण ठरवायचं. उन्हाळ्यातच लावावी अशी काही झाडं आहेत. त्यात पहिला चाफा, तो पांढरा-पिवळा देवचाफा. कुणाच्या तरी झाडाची हातभर फांदी कापून आणा, चीक गळू द्या, पानं काढून टाका आणि सावलीत आठवडाभर नुसती पडू द्या, कापलेलं टोक कोरडं होऊन त्यावर खपली धरेपर्यंत. मग मुरूम मिसळलेल्या मातीत चार-सहा इंच खोल रोवा, काठीला बांधा, आणि पाणी अगदी बेताचं. चाफ्याची फांदी पाण्याअभावी मरत नाही, लाडानं मरते. पावसाळ्यात हीच फांदी लावली तर बुडाशी सडते, म्हणून त्याला आखातीज, म्हणजे अक्षय्य तृतीया, अगदी योग्य वेळ. भिंतीपासून पाच फूट तरी लांब, पुढे त्याचा घेर वाढतो.

दुसरा निशिगंध. त्याचे कंद वैशाखापर्यंत लावतात, कंद दोन इंच खोल आणि एकमेकांपासून आठेक इंच, ऊन भरपूर. घेताना घट्ट, वजनदार कंद निवडा, चिंचोक्याएवढे घेतले तर पहिल्या वर्षी नुसती पात मिळते. तिसरी ती गुलाबी-पांढरी रेन लिली, तिचे बारके कांदे वाफ्याच्या कडेनं खोचून ठेवा, जूनमध्ये पहिली सर आली की दोन-चार दिवसांत फुलं वर काढते, तेव्हा शेजारीपाजारी विचारायला येतात हे कुठून आणलं. आणि तुमचे मोगरा-कर्दळ पण त्याच दिवशी जमिनीत जाऊ शकतात, खरंतर मोगरा हा उन्हाचाच जीव, याच दिवसांत फुलतो. पण तोपर्यंत वाफा तयार झाला असेल तरच, नाहीतर पिशवीत राहू द्या, जूनमध्ये लावा, सासूबाईंना चाफा आणि निशिगंध पुरेत.

लावायचं कसं ते मात्र नीट करा. सूर्य मावळल्यावर. खड्ड्यात आदल्या दिवशीच पाणी घालून ठेवायचं म्हणजे माती खालून गार आणि ओली असते. रोपाची पिशवी बादलीत बुडवून मगच ब्लेडनं उभी कापायची, ओढून काढायची नाही. आणि तो लाल चिकण गोळा आहे ना, त्याचा तळ आणि बाजू खुरप्याच्या टोकानं हलके ओरखडायच्या, गोल फिरलेली मुळं मोकळी करायची. गोळा तसाच्या तसा काळ्या मातीत ठेवला तर मुळं त्या गोळ्याबाहेर जायला बघत नाहीत, वर्षभरानं झाड उपटून बघितलं तर गोळा जसाच्या तसा हातात येतो. पण उन्हाळ्यात हे अगदी हलक्या हातानं, पावसाळ्यात लावत असाल तर जरा जास्त मोकळा केला तरी चालतो. मोगऱ्यांमध्ये तीन फूट, कर्दळींमध्ये दीड.

मग पाणी. रोज संध्याकाळी पाइप धरून बाग ओली करायची सवय असते आपल्याला, मातीचा वास येतो, बरं वाटतं, पण ते पाणी वरच्या इंचात राहतं आणि सकाळी उडून जातं. आठवड्यातून दोनदा द्या पण खोल द्या, हळूहळू, आणि देण्याआधी भेगा खुरप्यानं मोडून त्यात कंपोस्ट भरा, नाहीतर सगळं पाणी भेगेतून थेट खाली, मुळाला टाटा करून. तुमच्याकडे पाणी एक दिवसाआड येतं म्हणून मी तर म्हणेन जमिनीत माठ पुरून ठेवा. उज्जैनला महाकालावर उन्हाळ्याचे दोन महिने गलंतिका बांधतात, थेंब थेंब पाणी, तसंच हे, फक्त माठ जमिनीखाली आणि भोक न पाडता. बिनरंगाचा साधा मातीचा छोटा माठ दोन रोपांच्या मधे गळ्यापर्यंत पुरायचा, पाणी भरायचं, वर झाकणी ठेवायची म्हणजे डास होत नाहीत. माठ पाझरतो, मुळं ओल शोधत त्याच्याकडे येतात, दोन-तीन दिवसांनी परत भरा. यात नर्मदेचंच पाणी घाला, बोरिंगच्या जड पाण्यानं माठाची छिद्रं क्षारानं बुजतात. नर्मदाकाठच्या जलूदहून 70 किलोमीटर आणि घाट चढवून आणलेलं पाणी आहे ते, सिमेंटवर सांडून टाकायचं नाही.

माती उघडी ठेवू नका, दोन-तीन इंच पाला किंवा सोयाबीनचं कुटार, म्हणजे मळणीनंतरचा भुसा, पसरा, खोडापासून चार बोटं लांब. आणि पश्चिमेकडून आडोसा, 50 टक्के ऊन अडवणारी हिरवी जाळी बांबूला बांधा, किंवा सासूबाईंचं जुनं सुती पातळ, तेही छान काम करतं. वरून छत नको, पश्चिमेकडची उभी भिंत हवी, दुपारी दोन ते सहाचं ऊन अडलं की बाकीचं मोगऱ्याला पाहिजेच आहे.

आता ती यादी. पिओनी विसरा, तिला कित्येक आठवडे कडाक्याची थंडी लागते, जवळपास गोठवणारी, तेव्हा कुठे ती जागी होऊन कळी धरते. इंदूरची थंडी म्हणजे स्वेटर घालून सराफा बाजारात तळलेला गराडू कंद खायची थंडी, पिओनीचं त्यात भागत नाही. होस्टाचं पण तसंच, त्याला हिवाळ्यात झोपायला मिळालं नाही की दरवर्षी लहान होत जातो. मोठ्या पानांची हौस असेल तर कॅलेडियमचे कंद जूनमध्ये सावलीच्या बाजूला लावा, हिवाळ्यात पानं झडतील, घाबरू नका, कंद कोरडे राहू द्या, परत येतात. किंवा सोनटक्का, त्याचे गड्डे जूनमध्ये नळाजवळच्या ओलसर अर्ध्या सावलीत, आणि तो वास, गणपती-गौरीच्या दिवसांत घरभर येतो तो, त्याच्यापुढे कुठली पिओनी घेऊन बसलात.

लॅव्हेंडरवर माझा रागच आहे जरा. नर्सरीत तीन-चारशे रुपयांना फुललेलं विकतात, लोक घेतात, आणि ते आपल्या दमट पावसाळ्यात जड मातीत हमखास सडतं. फारच मन झालं तर दिवाळीनंतर मातीच्या कुंडीत, अर्धा मुरूम घालून, आणि पाऊस लागणार नाही अशा जागी, आणि सीझनल समजूनच. निळा तुरा हवाय ना, मग निळा साल्विया लावा, तो यादीत आहेच आणि तो चालतो इथे, जुलैत किंवा दसऱ्यानंतर. वास हवा तर मरवा लावा कुंडीत. डेलिली मात्र नणंदबाईंनी बरोबर सांगितलीय, ती काळ्या मातीत पण तगते, उंच वाफ्यावर, दुपारची थोडी सावली असेल तर अजून बरी, जुलै किंवा ऑक्टोबरमध्ये लावा, मे मध्ये नको.

आणि पाऊस आला की धावत सुटू नका. पहिल्या सरीनं तापलेली माती वाफ सोडते, त्या वाफेत कोवळं रोप शिजतं. आपल्याकडे सोयाबीनवाले साधारण 4 इंच, म्हणजे 100 मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरत नाहीत, तोच नियम तुम्ही धरा, पेपरात इंचांत आकडा येतोच रोज. आर्द्रा नक्षत्रात तेवढा होतो बहुतेक. मग जुई, कुंद, तगर, जास्वंद, अबोली, कामिनी, जे मनात असेल ते लावा, त्या दिवसांत लावलेलं झाड दिवाळीपर्यंत चांगलं मुरतं. पण 10 बाय 18 मध्ये सगळं बसत नाही हे आधीच कागदावर काढून बघा, जास्वंद आणि कामिनी दोघी मिळून अर्धी पट्टी खातील. शेवंतीचे फुटवे पण तेव्हाच, नोव्हेंबरात फुलतील. गुलाब आणि जर्बेरा दसऱ्यानंतर. अनंत आणि एक्झोरा जमिनीत नको, कुंडीत लावा, कारण तो चुना. काळी माती आणि बोरिंगचं पाणी दोन्ही अल्कधर्मी, त्यात या झाडांना लोह उचलता येत नाही, पानं पिवळी आणि शिरा हिरव्या राहतात. कुंडीत कंपोस्ट जास्त घाला, पावसाचं किंवा नर्मदेचं पाणी द्या, आणि तरीही पिवळी पडली तर चिलेटेड आयर्न, म्हणजे झाडाला सहज उचलता येणारं लोह, मिळतं, पाकिटावर लिहिलंय तेवढंच फवारा.

नवऱ्याला सांगा की पावसाची वाट बघायचीच असेल तर पहार हातात घेऊन बघा, मलबा काढायला मजुरांबरोबर एक माणूस उभा लागतोच. आणि हिरवी जाळी या आठवड्यातच आणून ठेवा, नवतप्याच्या तोंडावर सगळ्यांना एकदम आठवण येते आणि मग भाव चढतो.